नवरोझ काँट्रॅक्टर : ‘दुविधा’वाले तेच ‘मोलकरीण’वाले

गेटमधला_केस (धागाकर्ता)

गेल्या आठवड्यात शेजारचा मुलगा आला. म्हणाला, “काका, मला डीओपी, म्हणजे मुख्य कॅमेरामन, व्हायचंय. फीचरकडे जाऊ की डॉक्युमेंटरीकडे?” दहावीनंतर सायन्स घेऊ की कॉमर्स, असा सूर. उत्तर मला येत नव्हतं. म्हणून मी त्याला दोन फिल्म दाखवल्या आणि कॅमेरा कोणाचा आहे ते शेवटपर्यंत सांगितलं नाही. त्यातून जी चर्चा झाली ती इथे उतरवतोय. लांबलंय, चहा घेऊन बसा.

आधी माझं पाणी किती खोल ते सांगून टाकतो. बारा वर्षं कॅमेरा असिस्टंट होतो. फोकस ओढला, मॅगझीन (कॅमेऱ्याची फिल्मपेटी) भरली, लेन्सच्या पेट्या उचलल्या. स्वतंत्र कॅमेरामन म्हणून जे थोडं केलं ते तुमच्यापैकी कोणी पाहिलेलं नसणार. तेव्हा हे समीक्षकाचं लिखाण नाही, पेटी उचलणाऱ्याचं आहे.

पहिली फिल्म ‘दुविधा’, १९७३. दिग्दर्शक मणी कौल यांची, लेखक विजयदान देथांच्या राजस्थानी कथेवरची. लग्न करून आणलेल्या बायकोला ठेवून नवरा व्यापाराला जातो आणि त्याचं रूप घेऊन एक भूत घरात येतं. एका छोट्या चमूने राजस्थानातल्या बोरुंदा या देथांच्याच गावात ती केली. मागे चित्रकार अकबर पदमसींचा आधार होता आणि नवरीच्या भूमिकेत त्यांची मुलगी राईसा. चित्रण १६ मिमीवर. आणि कॅमेऱ्यावर नवरोझ काँट्रॅक्टर. बडोद्याला ललित कला शिकलेला, स्थिरचित्रणातून आलेला माणूस.

हे स्थिरचित्रणाचं लक्षात ठेवा, कारण ते पडद्यावर दिसतं. पांढरी भिंत, तिच्यापुढे लाल ओढणी, आणि चौकटीच्या कडेला फक्त एक हात. बाई कुठे उभी आहे हे आपल्याला कळत नाही, आपल्याला हातच बघायचा असतो. मध्येच चित्र गोठतं आणि फोटोसारखं थांबून राहतं. आमच्या शेजारच्या मुलाला वाटलं नेट अडकलं. मी हसलो खरा, पण पहिल्यांदा बघताना प्रोजेक्टर बिघडला असं मलाही वाटलं होतं.

दुसरी फिल्म ‘मोलकरीण’, १९८१. पंचवीसेक मिनिटांची. पुण्यातल्या घरकाम करणाऱ्या बायका एकत्र येतात, संघटना बांधतात, त्याची गोष्ट. ही केली ‘युगांतर’ने. दीपा धनराज, आभा भैया, मीरा राव आणि नवरोझ अशा चौघांनी १९८० मध्ये बंगळुरात सुरू केलेला हा गट. तीन बायका आणि एक पुरुष, आणि तो पुरुष कॅमेऱ्यामागे. चार फिल्म केल्या. ‘मोलकरीण’, निपाणीच्या तंबाखू कामगार बायकांवरची ‘तंबाखू चाकिला ऊब आली’, हैदराबादच्या स्त्रीशक्ती संघटनेबरोबर तेलुगूत केलेली घरातल्या मारहाणीवरची ‘इदि कथा मात्रमेना’, आणि गढवालातल्या चिपको आंदोलनातल्या बाईवरची ‘सुदेशा’.

मुलाला विचारलं, दोन्हींचा कॅमेरामन एकच आहे असं वाटतं का? म्हणाला, छे. एक चित्र आहे, दुसरं नुसतं शूट केलंय.

या ‘नुसतं’वर माझा सगळा जीव अडकलाय, म्हणून जरा तांत्रिक सांगतो. १६ मिमीच्या मॅगझिनमध्ये ४०० फूट फिल्म बसते. सेकंदाला २४ चौकटींनी ती अकरा मिनिटांत संपते. बायकांची सभा चालणार तीन तास. अशा वेळी किती रोल मिळतील हे कच्च्या फिल्मच्या पैशांवर ठरतं, आणि असल्या फिल्मला पैसे नसतातच. म्हणजे कोणती बाई आता बोलणार आहे, ती बोलेपर्यंत थांबायचं की आधीच बटण दाबायचं, आणि ती बोलत असताना ऐकणारीच्या तोंडावर जायचं की नाही, हे सगळं कॅमेरा खांद्यावर असताना त्याच क्षणी ठरवायचं. दिग्दर्शक फार तर मागून खांद्याला हात लावेल. रीटेक नाही. बाईला “ताई, ते परत सांगा, प्रकाश बरा नव्हता” म्हणालात की तिने मनातलं सांगणं संपलं, त्यानंतर ती फक्त डायलॉग म्हणणार.

मी स्वतः हे पाप केलंय. एका वाहिनीसाठी खेड्यात शूट करत होतो. म्हातारी नवऱ्याच्या कर्जाबद्दल बोलता बोलता रडली आणि माझा फोकस गेला. मी तिला परत बोलायला लावलं. ती बोलली, रडलीसुद्धा, पण माझ्याकडे बघत, बरोबर रडतेय ना असं विचारल्यासारखी. एडिटरने दुसरा टेक घेतला, कारण तो शार्प होता. श्रेयनामावलीत माझं नाव गाळलं गेलं. त्या वेळी संताप आला होता, आता बरं वाटतं.

‘दुविधा’त हात कुठे असावा हे तो माणूस ठरवतो. ‘मोलकरीण’मध्ये आपण कुठे असावं हे ठरवतो. मला वाटतं नजर एकच आहे. तुम्हाला काय वाटतं?

---

सदाशिव_पेठी

लेख उत्तम. मात्र ‘दुविधा’ मी फिल्म अर्काइव्हला पाहिली आहे आणि प्रामाणिकपणे सांगतो, झोपलो होतो. जाग आली तेव्हा तीच भिंत होती.

---

मेथांबा

‘दुविधा’ म्हणजे ‘पहेली’चीच गोष्ट ना? शाहरुख-राणीचा?

---

गेटमधला_केस

@मेथांबा, हो, देथांचीच कथा. २००५ चा ‘पहेली’ आपल्या अमोल पालेकरांचा, कॅमेरा रवि के. चंद्रन यांचा. एकच कथा, एकच राजस्थान, दोन्ही पाठोपाठ बघा. ‘पहेली’त वाळू, आभाळ, दागिने सगळं उजळून निघतं. ‘दुविधा’त भिंत आहे. दोन्ही कॅमेरामन आपापल्या जागी बरोबर आहेत, मला भिंत आवडते इतकंच.

@सदाशिव_पेठी, झोप लागणं ही या चित्रपटाला मिळालेली जुनी दाद आहे :)

---

लेन्सकॅप

धागा आवडला, पण एक वाद घालतो. मी गेली आठ वर्षं जाहिराती आणि वेब सिरीज शूट करतोय. डॉक्युमेंटरीत कॅमेरामनचं काम नैतिक वगैरे असतं हे ऐकायला छान वाटतं. प्रत्यक्षात तिथे प्रकाशयोजना नसते, नियंत्रण नसतं, आणि जे मिळालं त्याला आपण नंतर ‘वास्तव’ म्हणतो. सेटवर चाळीस माणसं, जनरेटर, थर्माकोल, कटर, क्रेन हे सगळं हाताळून एका नटीच्या डोळ्यात हवी तिथे चमक आणणं, हे कौशल्य. दोन्हींना एका तागडीत तोलू नका.

---

गेटमधला_केस

@लेन्सकॅप, थर्माकोलचा विषय तुम्हीच काढलात म्हणून. पांढऱ्या पृष्ठभागावर दिवा आपटून त्याचा परतलेला मऊ उजेड वापरायचा, ही रीत आपल्याकडे सत्यजित रायांचे कॅमेरामन सुब्रत मित्रांनी ‘अपराजितो’ला (१९५६) घातली. बनारसच्या घराचं अंगण कलकत्त्यात सेटवर उभं केलेलं. खऱ्या घरात अंगणातून जसा वरून, सावली न पाडणारा उजेड येतो तसा हवा होता. सेटवर पांढरं कापड ताणलं आणि दिवे त्याच्याकडे वळवले. म्हणजे तुमच्या सेटवरचं थर्माकोल हे खऱ्या घरातला उजेड नीट बघितलेल्या माणसाकडून आलंय. आणि ‘पथेर पांचाली’ सुरू झाली तेव्हा मित्रांचं वय २१, त्याआधी चलच्चित्राचा कॅमेरा हाताळलेला नव्हता.

चाळीस माणसं सांभाळणं सोपं आहे असं मी म्हणालोच नाही. त्या चाळिसातला एकोणचाळिसावा मी होतो.

---

उंटावरचा_शहाणा

गोविंद निहलानींचं नाव अजून कोणी काढलं नाही? धागा पुण्याचा आणि निहलानी नाहीत, हे म्हणजे मिसळीत तर्री नाही. गुरुदत्तांचे कॅमेरामन व्ही. के. मूर्तींचे सहायक होते. सत्यदेव दुबेंच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’चा (१९७१) कॅमेरा त्यांचा. मग बेनेगलांबरोबर ‘अंकुर’, ‘निशांत’, ‘मंथन’, ‘भूमिका’, ‘जुनून’. ‘भूमिका’त नायिकेच्या आयुष्याचे टप्पे बदलतात तसा फिल्मचा स्टॉक बदलतो, मध्ये कृष्णधवलही येतं. कच्ची फिल्म मिळत नव्हती त्या काळात जे हाताला लागलं त्याचीच शैली करून टाकली. ‘मंथन’ तर गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून काढलेला, आणि त्याची दुरुस्त केलेली प्रत २०२४ ला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात दाखवली.

अवांतर : माझ्या वडिलांच्या गावात ‘मंथन’ लागला होता तेव्हा दूध सोसायटीचा चेअरमन मध्यंतरात उठून गेला म्हणे.

---

मेथांबा

चेअरमनचा किस्सा +१००

---

राईनकाठी

जर्मनीहून. युगांतरच्या या फिल्म बर्लिनच्या आर्सेनल या संस्थेने दुरुस्त करून डिजिटल केल्यात, त्यामुळेच आज त्या बघायला मिळतात. मी इथे एका छोट्या सभागृहात ‘मोलकरीण’ पाहिली. सगळे सबटायटल वाचत होते आणि मी एकटीच ऐकत होते. पुण्यात आमच्याकडे कामाला येणाऱ्या मावशींचा आवाज मी कित्येक वर्षं ऐकला नव्हता. त्यांचाच असल्यासारखा वाटला. बाहेर आल्यावर शेजारच्या बाईंनी विचारलं, ‘युनियन झाली का मग?’ मी म्हटलं झाली. पुढे आमच्या घरी त्या वेळी काय झालं हे नाही सांगितलं. आईने मावशींना ‘तुलाही आता झेंडा हवा का’ म्हणून विचारलं होतं.

---

सदाशिव_पेठी

@राईनकाठी, आमच्याकडेही तोच संवाद झाला होता, फक्त झेंड्याच्या जागी ‘पुढारी’ हा शब्द. आठवतंय, तेव्हा कॉलेजात होतो. पेठेतल्या गृहिणींनीही आपापसात एक अलिखित संघटना केली होती, जी मोलकरणींच्या आधीपासून होती.

आता नवरोझ यांच्याविषयी माझ्याकडून एक भर. पुणेकरांना त्यांचा सगळ्यात ओळखीचा सिनेमा वेगळाच आहे. ‘२२ जून १८९७’. नचिकेत आणि जयू पटवर्धन यांचा, १९७९ चा. चाफेकर बंधू, रँडचा वध, गणेशखिंड रस्ता. सदाशिव अमरापूरकर टिळकांच्या भूमिकेत. तो आम्ही झोपून नाही पाहिला. ‘गोंद्या आला रे’ ही हाक लहानपणापासून गोष्टीत ऐकलेली, पण त्या रस्त्यावर अंधारात थांबणं म्हणजे काय ते तिथे कळलं. वाड्याच्या खोल्यांत अंधार आहे तो अंधारच राहू दिलाय. हल्लीच्या ऐतिहासिक मालिकांत कंदील एक आणि उजेड वीस दिव्यांचा असतो, तसं नाही.

---

गेटमधला_केस

@सदाशिव_पेठी, अगदी. आणि बघा, एका पारशी माणसाने राजस्थानी लोककथा, चाफेकरांचं पुणे आणि मोलकरणींचं पुणे तिन्ही टिपलं. आपल्या घरातलं म्हणावं असं काम त्यांना मिळालं ते परवेझ मेरवानजींच्या ‘पर्सी’त (१९८९). मुंबईतल्या पारशी घरातला बुजरा मुलगा आणि त्याची आई. गुजरातीत आहे, तरी बघा, समजतं.

माहितीपटांकडे परत येतो, कारण मला सगळ्यात अवघड वाटलेलं काम तिथेच आहे. दीपा धनराज यांचा ‘समथिंग लाइक अ वॉर’, १९९१. कुटुंबनियोजन कार्यक्रमावरचा. त्यात शस्त्रक्रियेचं शिबिर आहे. बायका रांगेने येतात, टेबलावर घेतल्या जातात, उतरवल्या जातात, पुढची. डॉक्टर कामाच्या वेगाचा अभिमान बाळगून बोलतायत. आता कॅमेरामनने काय करायचं? डॉक्टरच्या हाताकडे बघितलं तर ते कौशल्याचं चित्र होतं. बाईच्या चेहऱ्यावर क्लोजअप लावला तर तिच्या वेदनेचा तमाशा होतो, आणि तिला कोणी विचारलेलंही नसतं. मी तो भाग तीनदा थांबवून पाहिला. तमाशाही होत नाही आणि नजरही चुकवत नाही. पाय, टेबल, हात धरणारी दुसरी बाई, परत डॉक्टर. लांबी ठेवलीय, म्हणजे बघणाऱ्याला रांग संपत नाही हे कळतं. इथे मला ‘दुविधा’तला हात आठवला.

---

लेन्सकॅप

काल रात्री बघितला. शिबिराचा भाग बघितल्यावर माझं ‘नियंत्रण नसतं’ हे वाक्य मागे घेतो. बाकी वाद कायम.

एक व्यावहारिक प्रश्न मात्र कोणी बोलतच नाही. यावर पोट चालतं का?

---

तिसरी_शिफ्ट

मी बोलते. बाई आहे, कॅमेरा करते, एकोणीस वर्षं झाली. पोट चालतं, पण डॉक्युमेंटरीवर नाही. आपल्याकडे जवळजवळ सगळेच दोन्हीकडे पाय ठेवून असतात. रंजन पालित घ्या. आनंद पटवर्धनांच्या ‘बॉम्बे : अवर सिटी’सारख्या माहितीपटांचा कॅमेरा आणि तिकडे विशाल भारद्वाजांचा ‘सात खून माफ’. त्यांनी स्वतःच्याच कामाकडे मागे वळून बघणारा ‘इन कॅमेरा’ नावाचा माहितीपटही केलाय. ज्यांना आपण शूट केलं त्यांचं पुढे काय झालं, हा त्यातला प्रश्न प्रत्येक माहितीपटवाल्याच्या घशात अडकलेला असतो. मृणाल देसाईंचा कॅमेरा असलेला ‘कोर्ट’ (२०१४) बघा. न्यायालयात कॅमेरा मागे उभा राहतो आणि हलत नाही, साक्षीदारांच्या बाकावर बसल्यासारखा. तेही माहितीपटांमधूनच आलेले.

आणि अलीकडचं म्हणाल तर रणबीर दास. पायल कपाडियांची ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ (२०२१) आणि ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ (२०२४), दोन्ही त्यांच्याच कॅमेऱ्याने. पहिली माहितीपट, दुसरी कथापट. दुसऱ्यातली सुरुवातीची मुंबई रात्रीची, लोकलची, बाजाराची, आणि कुठे शूटिंग संपतं नि कुठे शहर सुरू होतं ते सांगता येत नाही. मग छाया कदम यांच्या पार्वतीबरोबर गोष्ट रत्नागिरीच्या किनाऱ्याकडे जाते आणि उजेडच बदलतो.

पोटाचं सांगायचं तर माझं गणित साधं आहे. दोन जाहिराती, मग एक माहितीपट, मग परत जाहिरात. भाड्याच्या कॅमेऱ्याबरोबर अटेंडंट येतो. तो पहिल्या दिवशी हमखास विचारतो, “मॅडम, कॅमेरामन सर कधी येणार?” तेव्हा कॅमेरा मी खांद्यावर घेतलेला असतो. एक फायदा मात्र आहे. गावात बायकांच्या खोलीत मला कोणी अडवत नाही.

---

गेटमधला_केस

@तिसरी_शिफ्ट, हा शेवटचा मुद्दा मला छळतोय. युगांतरच्या फिल्ममध्ये तो फायदा नवरोझना नव्हता. तरी त्या बायका बोलतायत.

आणि ज्यांनी माझ्या आयडीबद्दल व्यनि (खाजगी निरोप) केला त्यांच्यासाठी : फिल्म कॅमेऱ्याच्या गेटमध्ये, म्हणजे जिथे फिल्मवर उजेड पडतो त्या खिडकीत, बारीक केसासारखा कचरा अडकला की तो पडद्यावर साप होऊन नाचतो. म्हणून शॉट झाला की गेट तपासायचं काम असिस्टंटचं. मी एकदा विसरलो होतो. त्यानंतर युनिटमध्ये माझं हेच नाव.

---

उंटावरचा_शहाणा

आपल्या पिढीला माहितीपट म्हणजे सिनेमाच्या आधी लागणारी फिल्म्स डिव्हिजनची रीळ. थिएटरला ती दाखवणं सक्तीचं होतं. पूर आला, मंत्र्यांनी पाहणी केली, धरण झालं. आम्ही त्या वेळात बाहेर वडा खायचो. मागे एकदा काही जुन्या रिळा सलग बघितल्या आणि लाज वाटली. त्यातली चेहऱ्यांची चित्रं काय सुंदर आहेत! आवाज बंद करून बघा.

---

निपाणीकरीण

धागा उशिरा दिसला. मी निपाणीची. माझी आजी तंबाखूच्या वखारीत कामाला होती, आई लग्नाआधी चार वर्षं.

आधी नावाचं. इंग्रजीत त्या फिल्मला ‘टोबॅको एम्बर्स’ म्हणतात. एम्बर्स म्हणजे निखारे. पण ऊब येणं आणि निखारा वेगळं. निखारा दिसतो. ऊब हात घातल्याशिवाय कळत नाही.

परवा युगांतरच्या संकेतस्थळावर सापडली, आईला टॅबवर लावून दिली. आधी म्हणाली मला नको, डोळे दुखतात. मग चष्मा मागितला. धुरळ्यात काम करणाऱ्या बायका दिसल्या तसा तिने स्वतःचा पदर नाकावर घेतला, बसल्या जागी, घरात. तिच्या लक्षातही आलं नाही. मी काही बोलले नाही.

बायका मालकाबद्दल, मुकादमाबद्दल, पगाराबद्दल बोलत होत्या ते ऐकताना मान हलवत होती. संपल्यावर विचारलं, “हे कुणी काढलंय?” मी सांगितलं, बंगळुरातल्या बायकांनी, पण कॅमेरा धरणारा पुरुष होता.

“बाप्या?” म्हणाली. “मग ह्या एवढ्या मोकळ्या कशा बोलाय लागल्यात?”

मी म्हटलं, महिनोन्‌महिने त्यांच्यात राहिले होते म्हणे.

“तरी पण,” म्हणाली. आणि परत पहिल्यापासून लावायला सांगितली.

---

गेटमधला_केस

@निपाणीकरीण, आईंना नमस्कार सांगा. नवरोझ जून २०२३ मध्ये गेले, ऐंशीच्या आसपास वय, मोटारसायकलवर असताना अपघातात. मोटारसायकल आणि जॅझ ही त्यांची दोन जुनी वेडं. आईंचा ‘तरी पण’ त्यांना ऐकवायला हवा होता.

शेजारच्या मुलाला तुमचा प्रतिसाद वाचायला दिला. तो उद्या निपाणीला जाऊ का विचारतोय. मी म्हटलं, आधी आईंना विचार. तुम्ही विचाराल का?

---

निपाणीकरीण

विचारलं. म्हणाली येऊ दे, पण कॅमेरा पहिल्या दिवशी पिशवीतच ठेवायला सांग. आणि जेवून जायचं.